कुंडीतल्या पामचा आणि व्हायोलेटचा माळी

श्रोतेहो, नमस्कार. आपल्या बेळगावात मंगल कार्यालयाच्या दारात, बँकेत, दवाखान्यात पिवळसर देठांचा एक पाम कुंडीत उभा असतो. नर्सरीवाले त्याला अरेका म्हणतात. पण खानापूरकडच्या बागांतली सुपारी, म्हणजे खरी अरेका, वेगळ्या प्रजातीची. हा कुंडीतला पाम मूळचा मादागास्करचा. १८७८ साली त्याला शास्त्रीय नाव दिलं हर्मान वेंडलांड यांनी.

जर्मनीतल्या हॅनोव्हरजवळच्या हेरेनहाउझेन राजबागेत त्यांचे आजोबा आणि वडीलही उद्यानप्रमुख होते. घराण्यातच माळीकाम. पामचा अभ्यास मोठा कठीण. इतर झाडांची फांदी कागदात दाबून वाळवता येते; पण आपल्या जांबोटीच्या रानातल्या भेरली माडाचं एकच पान माणसाहून कितीतरी लांब, ते कागदावर मावायचं कसं? वेंडलांड मध्य अमेरिकेच्या जंगलात हिंडले, पाम काचघरात वाढवले आणि जिवंत झाडं वर्षानुवर्षं पाहिली. माझ्या मते त्यांचं खरं बळ या पाहण्यात होतं.

पुढे पूर्व आफ्रिकेतल्या उसांबारा डोंगरात जर्मन अधिकारी बॅरन फॉन सेंट पॉल यांना सापडलेलं जांभळ्या फुलांचं इवलंसं झाड वेंडलांड यांच्याकडे पोचलं. १८९३ मध्ये त्यांनी त्याचं वर्णन केलं: सेंटपॉलिया, आपलं आफ्रिकन व्हायोलेट. आज ते जगभर खिडक्यांत फुलतं, आणि उसांबारात जंगल तुटल्यामुळे त्याच्या रानटी जाती धोक्यात आहेत. याचं मला फार वाईट वाटतं.

बेळगावची हवा या झाडाला मानवते. थेट ऊन नको, उजेड भरपूर हवा. गार पाणी पानांवर पडलं की डाग उठतात, म्हणून कोमट पाणी बशीत ओता, कुंडी ते खालून शोषून घेते. उरलेलं काढून टाका. देठासकट एक पान ओलसर मातीत खोचलं, तर काही आठवड्यांत बुडाशी पिल्लं येतात.

याच कुळातलं एक रोप आपल्या घाटातही आहे, ऱ्हिंकोग्लॉसम. श्रावण-भाद्रपदात कणकुंबी, चोर्ल्याच्या बाजूला ओल्या कातळावर बघा: तिरकं पान आणि दांड्याच्या एकाच बाजूला ओळीनं निळी फुलं. फोटो जरूर काढा, पण उपटू नका. ते एका पावसाळ्याचंच रोप आहे. बी तिथल्याच कातळावर झडलं, तरच पुढच्या वर्षी ते तिथे उगवेल.