आधी मत, मग हुकूम : गव्हर्नर सी. डी. देशमुख

जानेवारी १९४६. सरकारने एक वटहुकूम काढला आणि पाचशे, हजार, दहा हजारच्या नोटा बंद. हो, नोटबंदी, तीही इंग्रजांच्या काळातली, २०१६ च्या सत्तर वर्षं आधीची. युद्धात काळाबाजार करून ज्यांनी पैसा दाबून ठेवला त्यांना उघडं पाडायचं असा विचार होता. तेव्हा रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर होते आपले चिंतामणराव देशमुख, आणि त्यांनी सरकारला आधीच सांगून ठेवलेलं की यातून टॅक्स बुडवणाऱ्यांकडून जास्तीचे दहा कोटीपण हाती लागतील असं वाटत नाही. सरकारने तरी केलंच. मग बँकेनेही तो हुकूम नीट राबवला. जवळपास १४४ कोटींच्या मोठ्या नोटा बाहेर होत्या, त्यातल्या १९४७ संपेपर्यंत सुमारे १३५ कोटींच्या परत आल्या. टॅक्सचा अंदाज आणि न आलेले हे नऊ कोटी म्हणजे एकच गोष्ट नाही, पण माणसाला वारा कुठला वाहतोय ते कळत होतं एवढं नक्की.

मत स्पष्ट सांगायचं आणि हुकूम आला की काम चोख करायचं, ही जुन्या आयसीएसवाल्यांची, म्हणजे इंग्रजी राजवटीतल्या सनदी अधिकाऱ्यांची शिस्त. देशमुखांची सगळी नोकरी यात बसते. एक दिवस सोडून, त्यावर येऊच.

जन्म १८९६ चा, रायगड किल्ल्याजवळच्या नाते गावातला, घराणं रोह्याचं. १९१२ ला मॅट्रिकला पहिले, संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट स्कॉलरशिप, मग केंब्रिज, आणि तिथे शिकले काय तर वनस्पतीशास्त्र, त्यातही बक्षीस. पुढे जाऊन देशाची बँक चालवणारा माणूस मुळात झाडापानांचा अभ्यासक! १९१८ ला आयसीएसच्या परीक्षेतही पहिला नंबर आणि पोस्टिंग मध्य प्रांत आणि वऱ्हाडात. तिथे बरीच वर्षं गेली, शेवटी प्रांताचे अर्थसचिव झाले.

१९३९ ला सरकार आणि रिझर्व्ह बँक यांच्यातले लिएझन ऑफिसर म्हणून ते बँकेत आले. बँकेचं वय तेव्हा जेमतेम चार वर्षं. तीन महिन्यांत सेंट्रल बोर्डाचे सेक्रेटरी, १९४१ ला डेप्युटी गव्हर्नर, फेब्रुवारी १९४३ ला गव्हर्नर जेम्स टेलर वारले आणि ११ ऑगस्टला देशमुख गव्हर्नर. पहिले भारतीय.

पण वेळ बघा कुठली. बंगालमध्ये दुष्काळ, महागाई आभाळाला भिडलेली, आणि नोटा छापणं थांबत नव्हतं, कारण ब्रिटन युद्धासाठी इथून माल घ्यायचं, त्याचे पैसे लंडनमध्ये पौंडात आपल्या खात्यावर मांडायचं आणि त्या पौंडांच्या जोरावर इथे रिझर्व्ह बँकेला रुपये छापून द्यावे लागायचे. म्हणजे माल गेला, रुपये वाढले, भाव चढले, आणि पौंड मात्र लंडनमध्ये अडकून. यालाच स्टर्लिंग बॅलन्स म्हणतात. साम्राज्य आपलं देणेकरी झालं होतं, पण वसूल कसं करणार?

१९४४ ला अमेरिकेत ब्रेटन वुड्सला आयएमएफ आणि वर्ल्ड बँक ठरवायला सगळे जमले, तिथे जेरेमी रेझमन यांच्या नेतृत्वाखालच्या आपल्या टीममध्ये देशमुख होते. टीममधल्याच ए. डी. श्रॉफ यांनी हा पौंडांचा विषय काढला. ब्रिटनच्या बाजूने आलेले अर्थतज्ज्ञ केन्स यांनी भारताचे आभार मानले, गोड बोलले, आणि हे आपण दोघांत बघू म्हणून बाजूला सारलं. आयएमएफमधला कोटा, म्हणजे आपला वाटा, मात्र ४० कोटी डॉलरचा मिळाला, आणि रशिया आत आलाच नाही म्हणून आपण पाचव्या नंबरला. देश अजून गुलाम होता बरं का.

मग फाळणी. जून १९४८ पर्यंत हीच बँक पाकिस्तानचंही काम बघत होती, दोन सरकारं भांडतायत आणि तिजोरी एक! १ जानेवारी १९४९ ला बँकेचं राष्ट्रीयीकरण झालं, आणि ३० जूनला देशमुख पायउतार झाले.

१९५० ला नेहरूंनी त्यांना अर्थमंत्री केलं. १९५२ ला कुलाबा जिल्ह्यातून (आताचा रायगड) लोकसभेवर निवडूनही आले. त्यांच्याच काळात इम्पीरियल बँकेची स्टेट बँक झाली, आयुर्विम्याचं राष्ट्रीयीकरण झालं. सगळं छान चाललेलं, आणि मग मुंबईचा प्रश्न आला. मुंबई महाराष्ट्राला न देता केंद्राच्या ताब्यात ठेवायचं ठरत होतं, मुंबईत गोळीबार झाले, माणसं मेली, चौकशीला सरकार तयार नाही. आता ते नोकर नव्हते, निवडून आलेले मंत्री होते, मत सांगून गप्प बसणं इथे चालणार नव्हतं. जुलै १९५६ मध्ये राजीनामा, आणि लोकसभेत उभं राहून स्वतःच्याच सरकारला खडे बोल सुनावले. चिडून, आरडाओरडा करून नाही, मुद्देसूद, फाईलवर लिहावं तसं.

अर्थखातं टी. टी. कृष्णम्माचारींकडे गेलं. १ मे १९६० ला मुंबईसह महाराष्ट्र झाला, तेव्हा चिंतामणराव दिल्लीत यूजीसीचे, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाचे अध्यक्ष होते.