डोंगर बोडके कशानं झाले? स्कॉटलंडच्या हायलँड्समधला एक दिवस

[दृश्य: एडिंबरा. दगडी इमारतींची रांग, ओला रस्ता. दारात उभी सात आसनांची गाडी.]

जूनमधली सकाळ. आठच वाजलेत, पण सूर्य उगवून साडेतीन तास झाले. गाडीत बसतायत वाईहून आलेले काका-काकू आणि इथेच नोकरी करणारी त्यांची लेक. स्टिअरिंगवर गाइडबाई. त्यांच्या कोटावर अधिकृत गाइडचा निळा बिल्ला आहे. इथे तो सहज मिळत नाही. त्यासाठी लांबलचक अभ्यासक्रम करावा लागतो, लेखी परीक्षा आणि शिवाय प्रात्यक्षिक. किल्ले, राजे, खडक, पक्षी, सगळ्यांची उत्तरं तयार लागतात, आणि तीही गाडी चालवता चालवता.

मोठ्या बसच्या सहली स्वस्त पडतात, हे खरंच. पण बस ठरल्या जागी थांबते आणि ठरल्या मिनिटाला निघते. काकांचे गुडघे मिनिटं पाळत नाहीत. म्हणून ही खासगी गाडी. लेकीनं आधी यादी केली होती: ग्लेन्को, फोर्ट विल्यम, लॉख नेस (लॉख म्हणजे तळं), सगळं एका दिवसात. गाइडबाईंनी फोनवरच नेसवर काट मारली. "तिथं पाणी आहे, पाणीच दिसेल," म्हणाल्या. बाराएक तासांच्या दिवसात नेस धरलं तर डोंगर फक्त काचेतून पाहायचे. त्यांचं ऐकलं ते बरं झालं.

[दृश्य: महामार्ग. दूरवर टेकडीवरचा वॉलेस मनोरा.]

स्टर्लिंग. एका टेकडीवर किल्ला, दुसरीवर विल्यम वॉलेसचा मनोरा. १२९७ मध्ये वॉलेसनं इंग्रजांना हरवलं ते इथल्या पुलापाशी. मनोरा मात्र १८६९ चा. आज इथे थांबायचं नाही.

कॅलेंडर गाव मागे पडलं आणि रस्ता एकदम डोंगरात शिरला. हा बदल इतका अचानक का, याला कारण आहे. जमिनीच्या कवचातली एक प्राचीन भेग पश्चिमेच्या अॅरन बेटापासून पूर्व किनाऱ्यावरच्या स्टोनहेवनपर्यंत तिरकी गेली आहे. तिच्या दक्षिणेला शेतीची सपाटी, उत्तरेला कठीण खडकांचे डोंगर. हायलँड्स इथून सुरू होतात. भाषा, पोशाख, जमीन कसण्याची रीत, राजाशी असलेलं नातं, सगळं एके काळी या रेषेच्या दोन बाजूंना वेगळं होतं.

खिडकीतून बघता बघता काकूंनी दिवसातला सगळ्यात चांगला प्रश्न विचारला. "अगं, एवढा पाऊस पडतो, मग डोंगरावर एक झाड कसं नाही?"

लेकीनं तो इंग्रजीत सांगितला. गाइडबाई हसल्या. म्हणाल्या, थोडं थांबा, आधी रॅनॉख येऊ दे.

[दृश्य: ब्रिज ऑफ ऑर्की ओलांडून चढ. लॉख टुल्लावरचा थांबा. मग क्षितिजापर्यंत पसरलेला तपकिरी माळ, मध्ये पाण्याची डबकी.]

रॅनॉख मूर. सुमारे १३० चौरस किलोमीटरचा ओलाकंच माळ. शेवटच्या हिमयुगात इथे बर्फाचं जाड टोपण होतं, आणि इथूनच हिमनद्या चारी दिशांना उतरल्या. बर्फ गेला, खळगे राहिले, खळग्यांत पाणी साचलं. त्या पाण्यात शेवाळ मरत गेलं, पण पुरतं कुजलं नाही. हजारो वर्षांत त्याचे काळे, ओले थर झाले. यालाच पीट म्हणतात. वाळवलं की जळतं. इथल्या काही व्हिस्कींना धुराचा वास येतो तो याच्यामुळे.

गाइडबाई गाडी बाजूला घेतात आणि रस्त्याच्या कडेला, जिथे पीट कापलं गेलंय तिथे नेतात. काळ्या चिखलातून वेडेवाकडे बुंधे डोकावतायत. पाइनचे. हजारो वर्षांपूर्वी इथे जंगल होतं. पीटमध्ये हवा पोचत नाही, म्हणून लाकूड टिकलं.

म्हणजे काकूंच्या प्रश्नाचं पहिलं उत्तर हवामानाचं आहे. हवा अधिक दमट झाली, पीट वाढलं, झाडांची मुळं बुडाली. इथे गाइडबाईंचा प्रामाणिकपणा आवडला. सगळा दोष माणसावर ढकलला असता तर गोष्ट जास्त रंगली असती.

या माळावर पाया मिळेना, म्हणून एकोणिसाव्या शतकात रेल्वेवाल्यांनी झाडांची मुळं, फांद्यांच्या मोळ्या आणि हजारो टन माती-राख दलदलीत लोटली आणि त्यावर रूळ टाकले. १८९४ मध्ये गाडी धावली. ती लाइन रस्त्यापासून लांब, पूर्वेकडून जाते आणि आजही चालू आहे.

आणि चिलटं! वारा पडला की इथली चिलटं, ज्यांना हे लोक मिज म्हणतात, तोंडावर अक्षरशः तुटून पडतात. काका दोन मिनिटांत गाडीत परत.

[दृश्य: माळाच्या टोकाला एकटा उभा सुळक्यासारखा डोंगर. रस्ता त्याच्या पायथ्याला वळसा घालतो.]

हा बुअखल एटिव मोर. गेलिक भाषेत एटिव खोऱ्याचा थोरला गुराखी. उंची १०२१ मीटर. काकांनी लगेच हिशेब मांडला: आपलं कळसूबाई १६४६. ब्रिटनमधलं सर्वांत उंच शिखर बेन नेविस, तेही १३४५ वरच थांबतं. हिशेब बरोबर आहे. पण बेन नेविसचा पायथा जवळजवळ समुद्राच्या पातळीला आहे आणि आपण ५६ अंश उत्तर अक्षांशाच्याही वर आहोत. हिवाळ्यात याच कड्यांवर बर्फाच्या कुऱ्हाडी घेऊन चढावं लागतं.

काकांचा पुढचा प्रश्न: वर जायला परवानगी कोणाची? कोणाचीच नाही. स्कॉटलंडमधल्या खासगी ग्रामीण जमिनीपैकी निम्म्याहून अधिक जमीन पाचशेपेक्षाही कमी मालकांकडे आहे. तरी २००३ च्या जमीन सुधारणा कायद्यानं कोणालाही, नासधूस न करता, जवळजवळ कुठल्याही डोंगरावर चालण्याचा हक्क दिला. मालकी मूठभरांची आणि वाट सगळ्यांची, अशी ही विचित्र व्यवस्था आहे.

[दृश्य: ग्लेन्को. दोन्ही बाजूंना काळे कडे. 'तीन बहिणी' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या तीन सोंडा. ढग अर्ध्यावर.]

आणि मग ग्लेन्को. गाडीत कोणी बोलत नाही. अर्थात काकांना फोटो काढायचा असतो, त्यामुळे काच वर-खाली होत राहते.

हे कडे ज्वालामुखीचे आहेत. सह्याद्रीही लाव्ह्याचाच, पण दोघांची जात वेगळी. आपल्याकडे साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीला लांब भेगा पडून पातळ लाव्हा पसरत गेला, थरावर थर. म्हणून पाचगणीचं पठार सपाट दिसतं. इथली गोष्ट सुमारे ४२ कोटी वर्षांपूर्वीची. जमिनीखालचा शिलारस स्फोटांनी बाहेर पडला आणि वरचा किलोमीटरच्या किलोमीटर रुंद भूभाग, वाफ निघून गेलेल्या फुलक्यासारखा, खाली बसला. असं एकदा नाही, पुन्हापुन्हा झालं. तो खाली बसला म्हणूनच झिजेतून वाचला. १९०९ मध्ये भूवैज्ञानिकांनी ग्लेन्कोवर जो निबंध प्रसिद्ध केला, त्यातून अशा खचलेल्या ज्वालामुखीची कल्पना जगभर पोचली. नंतर हिमनद्यांनी दरी खरवडून इंग्रजी यू अक्षरासारखी केली.

थांब्यावर बॅगपाइप वाजवणारा उभा आहे, पर्यटक रांगेत आहेत. गाइडबाई पुढच्या, छोट्या थांब्यावर नेतात. खासगी गाडीचे पैसे इथे वसूल होतात. डिकीतून दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी निघते. गाइडबाईंनाही चटणी आवडली, निदान त्या तसं म्हणाल्या.

समोर दोन सोंडांच्या मधल्या घळीवर एक लपलेली दरी आहे. खालून तिचा पत्ताच लागत नाही. ग्लेन्कोत राहणारे मॅकडोनाल्ड लोक आपली गुरं तिथे लपवायचे. आपली म्हणजे कधी कधी दुसऱ्यांचीही. शेजाऱ्यांची गुरं पळवणं हा इथल्या क्लॅनचा, म्हणजे एकेका प्रमुखाखालच्या घराण्यांचा, जुना उद्योग होता.

[दृश्य: दरीतला हिरवा, रिकामा तळ. संथ फिरणारा कॅमेरा.]

१६९१ मध्ये राजा तिसऱ्या विल्यमनं फर्मान काढलं: हायलँड्समधल्या प्रमुखांनी १ जानेवारी १६९२ च्या आत निष्ठेची शपथ घ्यावी. ग्लेन्कोच्या मॅकडोनाल्डांचा म्हातारा प्रमुख मॅकइयन अगदी शेवटच्या क्षणी फोर्ट विल्यमला पोचला. तिथला अधिकारी म्हणाला, शपथ द्यायचा अधिकार मला नाही, इनव्हररीला जा. भर बर्फात म्हातारा निघाला. वाटेत सैनिकांनी अडवलं. पोचला तर तिथला शेरीफ नववर्षासाठी बाहेरगावी. अखेर ६ जानेवारीला शपथ झाली. कागदावर उशीर झालाच.

फेब्रुवारीच्या सुरुवातीला कॅप्टन रॉबर्ट कॅम्पबेल सुमारे १२० सैनिक घेऊन दरीत आला आणि आसरा मागितला. मॅकडोनाल्डांशी त्याची सोयरीकही होती. घरोघरी सैनिकांची सोय झाली. जवळजवळ दोन आठवडे जेवणं झाली, पत्ते झाले. मग हुकूम आला: सत्तर वर्षांखालचा कोणी जिवंत ठेवू नका. १३ फेब्रुवारीच्या पहाटे मॅकइयनला अंथरुणातून उठताना गोळी घातली. मेलेल्यांचा आकडा ३८ असा परंपरेनं सांगतात. पळून गेलेल्यांतले कित्येक, त्यात बायका-मुलंही, बर्फात गारठून मेले.

इथे वैर हे नवं नव्हतं, कत्तलीही नव्या नव्हत्या. ज्याच्या घरचं अन्न खाल्लं त्याच्यावर हात टाकला, हे या लोकांना सहन झालं नाही. १६९५ मध्ये स्कॉटिश संसदेच्या चौकशीनं हे खूनच ठरवले. शिक्षा मात्र कोणालाही झाली नाही. काकूंनी तेवढंच विचारलं, आणि उत्तर ऐकून मान हलवली.

[दृश्य: व्हिजिटर सेंटर. बाहेर मातीच्या ढेकळांचं, गवताळ छपराचं घर.]

पण या कत्तलीनं दरी रिकामी झाली नाही, ही गोष्ट बहुतेक सहलींत राहून जाते. वाचलेले लोक परत आले. १७४७ ते ५५ मध्ये सैन्यानं काढलेल्या नकाशात ग्लेन्कोमध्ये वस्त्या दिसतात. हे घर म्हणजे त्या काळातल्या घराची प्रतिकृती आहे. डहाळ्यांचा कूड, बाहेरून गवतासकट कापलेली ढेकळं, वर शाकारणी. अशी घरं सोडली की काही वर्षांत जमिनीत विरून जातात. म्हणून दरी पूर्वीपासूनच निर्मनुष्य असावी, असं आपल्याला वाटतं.

माणसं गेली ती नंतर. १६ एप्रिल १७४६ ला कलोडनच्या लढाईत राजाविरुद्ध उठलेल्या हायलँड सैन्याचा धुव्वा उडाला. प्रमुखांचे न्यायनिवाड्याचे अधिकार काढून घेतले गेले, आणि हळूहळू प्रमुखाचा जमीनदार झाला. माणसांच्या खंडापेक्षा मेंढ्यांची लोकर जास्त पैसे देऊ लागली, तशी हायलँड्सभर कुळं उठवली गेली: कोणी किनाऱ्यावर, कोणी ग्लासगोच्या गिरण्यांत, कोणी कॅनडात. आपल्या कूळकायद्याच्या जातीचा कायदा इथे १८८६ मध्ये झाला. तोवर कित्येक दऱ्या मोकळ्या झाल्या होत्या. मेंढ्यांमागून आली ती श्रीमंतांच्या शिकारीसाठी राखलेली तांबडी हरणं. लांडगे केव्हाच मारून संपवलेले. मेंढी आणि हरीण दोघंही झाडाचं रोप हातभर होऊ देत नाहीत.

काकूंच्या प्रश्नाचं हे दुसरं उत्तर.

[दृश्य: ग्लेन्को गावामागचं छोटं तळं, भोवती उंच झाडी.]

गंमत म्हणजे गावामागे दाट झाडी आहे. ती परदेशी. कॅनडात रेल्वेत पैसा कमावून आलेल्या लॉर्ड स्ट्रॅथकोनानं १८९० च्या दशकात इथे वाडा बांधला. बायकोला कॅनडाची आठवण येई, म्हणून त्यानं तळं करवलं आणि काठानं उत्तर अमेरिकेतली झाडं लावली. नवराबायको पुढे इथे फारसे राहिले नाहीत. झाडं राहिली. काकांसाठी तळ्याभोवतीची सपाट वाट उत्तम.

[दृश्य: समुद्राकाठचा रस्ता. इनव्हररीची पांढरी घरं. मग चढणीचा घाट.]

परतीचा रस्ता किनाऱ्यानं इनव्हररीला जातो, साधारण मॅकइयनच्याच वाटेनं. त्याला दिवस लागले, आपल्याला चहाची वेळ धरून दोन तास. इनव्हररीत चहा बरा मिळतो, बाकी गाव पाहण्यापुरतं.

पुढे 'रेस्ट अँड बी थँकफुल' नावाची खिंड लागते. कलोडननंतर सैनिकांनी हा रस्ता बांधला आणि चढ संपल्यावर दगडावर हे शब्द कोरले: विसावा घ्या, आभार माना. आज मात्र या रस्त्याचा लौकिक दरडींचा आहे. पाऊस झाला की बोडका उतार खाली येतो. २०२० च्या ऑगस्टमध्ये हजारो टन माती-दगड आले. मुख्य रस्ता बंद पडला की गाड्या खालच्या जुन्या लष्करी रस्त्यानं, पुढे वाटाड्या गाडी ठेवून, रांगेनं सोडतात. काकांना इथे घरच्यासारखं वाटलं: जाळ्या, दगडी बांध, सिग्नल. आंबेनळी घाटातल्या दरडींवर त्यांनी गाइडबाईंना बरंच ऐकवलं.

सरकारी वनखात्यानं आता या उतारावर स्थानिक झाडं लावायची योजना हाती घेतली आहे. मुळं माती धरून ठेवतील, हा हिशेब. रस्ता वाचवायचा म्हणून जंगल परत आणायचं.

इथून लॉख लोमंडच्या काठानं एडिंबरा दोनेक तासांवर. काका झोपलेत. काकूंचं मात्र अजून संपलेलं नाही. रोपांना कुंपण घालणार का, घातलं तर किती उंच, आणि हरणं वरून उडी मारणार नाहीत कशावरून, हे त्यांना गाइडबाईंकडून हवंय.