पाणी स्वच्छ, पक्षी मेलेले

(दृश्य: तळं. पाण्यावर पक्ष्यांची जोडी.)

कॅलिफोर्नियातलं, सॅन फ्रान्सिस्कोच्या उत्तरेचं हे तळं: क्लिअर लेक. पाण्यावर दिसतोय तो वेस्टर्न ग्रीब. आपल्याकडच्या टिबुकलीच्याच कुळातला, पण अंगाने कितीतरी मोठा. लांब पांढरी मान, लालभडक डोळा. विणीच्या दिवसांत नर-मादी शेजारीशेजारी ताठ उभे राहतात आणि पाण्यावरून चक्क धावत सुटतात. घरटंही तरंगतं.

या तळ्यावर उन्हाळ्यात चिलटांचे थवे उठायचे. ती चावत नसत, पण सुट्टीला आलेल्यांना नकोसं करून सोडत. म्हणून १९४९ मध्ये तळ्यात डीडीडी हे कीटकनाशक सोडलं. डीडीटीचंच भावंड, पण माशांना कमी घातक म्हणून मुद्दाम निवडलेलं. मात्राही जपून: सात कोटी भाग पाण्याला एक भाग. चिलटं कमी झाली, काही वर्षांत पुन्हा वाढली. मग १९५४ आणि १९५७ मध्ये पाच कोटींना एक.

१९५४ च्या डिसेंबरात ग्रीब मरून पडू लागले. शंभरेक पक्षी. रोग शोधला, सापडला नाही.

१९५७ नंतर मेलेल्या ग्रीबची चरबी कुणीतरी तपासली. दहा लाख भागांत डीडीडीचे तब्बल १,६०० भाग! पाण्यात सोडलेल्या मात्रेच्या ऐंशी हजार पट.

(दृश्य: सूक्ष्मदर्शकाखाली प्लवक.)

हे विष पाण्यात जवळपास विरघळत नाही, चरबीत मात्र सहज मुरतं. शरीराला ते लवकर मोडता येत नाही, बाहेरही टाकता येत नाही. प्लवकात, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या सूक्ष्म जीवांत, ते दहा लाखांत ५ भाग होतं. मासा असे अगणित जीव खातो. त्यांच्यातलं अन्न जाळतो, विष तसंच राहतं. त्या माशाला मोठा मासा खातो. ग्रीब तर जगतोच माशांवर, दिवसामागून दिवस.

मात्रा ठरवणारे बेफिकीर नव्हते, हेच मनाला लागतं. त्यांनी हिशेब पाण्याचा केला. कोण कुणाला खातं, याचा केला नाही. फवारणीनंतर थोड्याच दिवसांत पाण्यात डीडीडी सापडेनासं झालं होतं. ते सगळं जिवांच्या अंगात गेलं होतं.

पूर्वी इथे ग्रीबच्या सुमारे हजार जोड्या घरटी करत. १९६० च्या सुमारास तीसेक उरल्या, आणि त्यांच्यामागे पोहणारं पिल्लू दिसेना.

चिलटं मात्र परतली, आणि डीडीडीला दाद देईनाशी झाली.