नसलेल्या बाईचं लायसन्स

सांगलीत बोलायचं म्हणजे सुरुवात नाटकापासूनच होणार. 1843 साली विष्णुदास भाव्यांनी इथे सीतास्वयंवर केलं, बालगंधर्व तर इथून जवळच्या नागठाण्याचे, त्यामुळे पुरुषाने शालू नेसून बाई व्हावं आणि लोकांनी ते मनापासून मानावं याचं आपल्याला नवल नाही. पण प्रयोग संपला की शालू उतरतो. मला आज अशा बाईंबद्दल सांगायचंय ज्यांनी प्रयोग पाच वर्षं संपवलाच नाही.

लिन हर्शमन लीसन, अमेरिकेतल्या, जन्म 1941 चा, व्हिडिओ आणि परफॉर्मन्स, म्हणजे स्वतःच कलाकृती होऊन वावरणं, दोन्ही करणाऱ्या कलाकार. 1973 साली सॅन फ्रान्सिस्कोमध्ये त्यांनी रॉबर्टा ब्राइटमोर नावाची बाई तयार केली. सोनेरी विग, ठरलेले कपडे, ठरलेली चाल. त्यांचा एक फोटो आहे 1975 चा, तो बघाच तुम्ही, चेहऱ्यावर रेघा मारून नंबर टाकलेत, गाल कुठे रंगवायचा, ओठांना आकार कसा द्यायचा, अगदी शिवणाच्या कटिंगसारखं. आणि मग ही रॉबर्टा बाहेर पडली. बँकेत खातं उघडलं, ड्रायव्हिंग लायसन्स काढलं, रूममेट पाहिजे म्हणून पेपरात जाहिरात दिली, माणसं भेटायला आली आणि काहींनी तिला त्रासही दिला. म्हणजे बाई खोटी पण तिला वाटलेली भीती खरी, आज फेक अकाउंटबद्दल बोलताना आपण हे विसरतो. पुढे लिननी आणखी तिघींना रॉबर्टाचा वेश दिला, आणि 1978 ला इटलीतल्या फेरारा गावात विधी करून तिला निरोप दिला. नव्वदच्या दशकात ती परत आली, इंटरनेटला जोडलेली बाहुली होऊन, डोळ्यांच्या जागी कॅमेरे आणि त्या डोळ्यांतून कुणीही कुठूनही बघायचं!

इन्स्टाग्राम यायच्या कितीतरी आधीचं आहे हे सगळं. मला त्यात सगळ्यात जास्त काय लागलं तर ते लायसन्स. जी बाई नाहीच, तिला कागदांनी आहे म्हटलं.

आता माझी आत्या. तिने हळदीत उभं आयुष्य काढलं, शिजवणं, वाळवणं, निवडणं, बोटांवरच्या रेषा पार गेल्यात. पहिलं आधार कार्ड 2010 साली आपल्याच महाराष्ट्रात, नंदुरबारच्या टेंभलीत दिलं गेलं, आत्याचंही आहे, पिशवीत प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून ठेवलेलं. पण रेशन घ्यायला गेलं की मशीनवर अंगठा लागत नाही. ती बोट पदराला पुसते, दाबते, परत पुसते, मग दुसरं बोट, मागे लाईन थांबलेली, आणि दुकानदार, जो तिला पंचवीस वर्षं ओळखतो, तो पण मशीनकडेच बघत असतो. शेवटी ओटीपी मागवायचा, तो येतो माझ्या मोबाईलवर, मी कामावर असलो आणि फोन उचलला नाही तर ती तशीच रिकामी पिशवी घेऊन घरी. एकदा मला म्हणाली, "बाळा, मी हाय का न्हाय ते तुझ्या फोनलाच ठावं."

त्या वाक्यावरून मी हा व्हिडिओ केला. नऊ मिनिटांचा आहे, फक्त तिची दहा बोटं, एकेक करून, इतक्या जवळून की हळदीचा पिवळा रंग नखाच्या कडेला दिसतो. आवाज नाहीये मुद्दाम. ती आज आलीय, पहिल्या रांगेत बसलीय, तिने अजून बघितलेला नाही. जरा लाईट बंद करता का?