अक्षरी रुपये पासष्ट लाख फक्त

(दृश्य: पुण्यातील दुय्यम निबंधक कार्यालय. बाकावर फायली मांडीवर घेऊन बसलेली माणसे.)

घराची नोंदणी करायला आलेल्या जोडप्याला या खोलीत बऱ्याच गोष्टी कराव्या लागतात. यंत्रावर अंगठा टेकवायचा, छोट्या कॅमेऱ्याकडे पाहून छायाचित्र काढून घ्यायचे, सोबत आणलेल्या साक्षीदारांना जवळ बोलवायचे आणि करारनाम्याच्या पानापानावर सह्या करायच्या. त्या करारनाम्यात सदनिकेची किंमत आधी आकड्यांत आणि मग अक्षरांत लिहिलेली असते. आपण उदाहरणासाठी जे घर घेतले आहे, त्याच्या करारनाम्यात ती ‘अक्षरी रुपये पासष्ट लाख फक्त’ अशी आहे. हा ‘फक्त’ पुढे कोणी आकडा वाढवू नये म्हणून लिहिण्याची आपल्याकडची जुनी रीत आहे. आकडा तरीही वाढतो, आणि तो पूर्णपणे कायदेशीर मार्गाने वाढतो.

पहिली वाढ याच खोलीत होते. पुण्यात मुद्रांक शुल्क आणि त्यावरचे स्थानिक अधिभार मिळून ७ टक्के भरावे लागतात, म्हणजे या घरासाठी ४,५५,००० रुपये. घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतले तर त्यात १ टक्का सवलत मिळते. नोंदणी फी १ टक्का असली तरी तिची कमाल मर्यादा ३०,००० रुपये आहे. इमारतीचे बांधकाम सुरू असताना घर घेतले, तर ५ टक्के वस्तू व सेवा कर लागतो आणि आणखी ३,२५,००० रुपये जातात. असे एकूण ८,१०,००० रुपये झाले, आणि यांतला मोठा भाग सहसा कर्जातून मिळत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० ते ७५ लाखांच्या दरम्यानचे गृहकर्ज घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपलीकडे देता येत नाही, आणि ती किंमत मोजताना मुद्रांक शुल्क व नोंदणीचा खर्च धरला जात नाही. या जोडप्याने ५० लाखांचे कर्ज घेतले आहे. म्हणजे स्वतःचे १५ लाख आणि हे ८,१०,००० मिळून २३,१०,००० रुपये त्यांना पदरचे घालावे लागले. यात ब्रोकरची दलाली, बँकेचे प्रक्रिया शुल्क, घराच्या मालकीबद्दलचा वकिलाचा शोध अहवाल आणि गहाणाच्या नोंदीचा खर्च धरलेला नाही.

हा सगळा खर्च डोळ्यांना दिसतो, त्याच्या पावत्या मिळतात आणि म्हणून त्याची चर्चाही होते. ज्या खर्चाची चर्चा होत नाही, तो मंजुरीपत्राच्या मागे जोडलेल्या एका तक्त्यात असतो.

(दृश्य: टेबलावर परतफेडीचा तक्ता. पहिल्या ओळीवर बोट ठेवलेले.)

कर्ज ५०,००,००० रुपये, व्याजाचा दर साडेआठ टक्के, मुदत २० वर्षे. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. तक्त्याच्या पहिल्या ओळीत या हप्त्याचे दोन तुकडे केलेले दिसतात. त्यांपैकी ३५,४१७ रुपये व्याजात जमा होतात आणि ७,९७४ रुपये मुद्दलात. पुढच्या महिन्यात मुद्दल किंचित कमी झालेले असल्याने व्याजही किंचित कमी होते, आणि मुद्दलाच्या वाट्याला साधारण ५६ रुपये जास्त येतात. पहिले वर्ष या संथ गतीने सरते. पाच वर्षे पूर्ण होतात तेव्हा या कुटुंबाने बँकेत २६ लाखांहून अधिक रक्कम भरलेली असते, पण कर्ज मात्र ५० लाखांवरून ४४ लाखांपर्यंतच उतरलेले असते. मुद्दल निम्म्यावर यायला तेरा वर्षे आणि दहा महिने लागतात.

हे पाहिल्यावर ‘बँक आधी आपले व्याज वसूल करून घेते’ असे वाक्य हमखास ऐकू येते. ते पूर्ण खरे नाही, आणि या समजुतीमुळे खरी गोष्ट नजरेआड होते. बँक कोणतीही हातचलाखी करीत नाही. पन्नास लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज ३५,४१७ रुपयेच होते, आणि ज्या महिन्यात जेवढे मुद्दल बाकी असते, तेवढ्यावरच त्या महिन्याचे व्याज लागते. मुद्दल हळू उतरते, याचे कारण आपण हप्ता लहान ठेवण्यासाठी मुदत लांब मागितलेली असते. दोनशे चाळीस हप्त्यांची बेरीज १,०४,१३,८४० रुपये होते. त्यात सुरुवातीचे २३,१०,००० मिळवले की पासष्ट लाखांच्या घरासाठी हातातून गेलेली रक्कम १,२७,००,००० रुपयांच्या पुढे जाते.

आता मुदतीचाच विचार करू, कारण कर्ज घेताना घासाघीस होते ती दरावर, आणि मुदत मात्र अर्ज भरणारा प्रतिनिधी पात्रतेत बसेल अशी लिहून टाकतो. याच कर्जाची मुदत २० वर्षांऐवजी ३० वर्षे केली तर हप्ता ३८,४४६ रुपयांवर येतो. महिन्याला ४,९४५ रुपये वाचतात, आणि ज्या घरात मुलांची फी, वडिलांची औषधे आणि गाडीचा हप्ता एकाच पगारातून जातो, तिथे ही रक्कम लहान नसते. त्या बदल्यात एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जाते. उलट मुदत १५ वर्षे केली, तर हप्ता ४९,२३७ रुपयांपर्यंत वाढतो आणि व्याज ३९ लाखांच्या आत राहते. दर तिन्ही वेळा तोच, साडेआठ टक्के.

(दृश्य: मोबाइलवर आलेला बँकेचा संदेश. अक्षरे वाचता येतील इतक्या जवळून.)

पण तक्ता छापला जातो त्या दिवशीचाच दर पुढची वीस वर्षे राहील, असे गृहीत धरलेले असते, आणि फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या कर्जात तसे घडत नाही. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, म्हणजे बँकेबाहेर ठरणाऱ्या एखाद्या दराशी, जोडावी लागतात. बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्प मुदतीचे कर्ज देते तो दर, निवडला. त्या वेळी ही सुधारणा ग्राहकांना हवीहवीशी वाटली, कारण पूर्वी रिझर्व्ह बँकेने दर कमी केले तरी त्याचा लाभ कर्जदारापर्यंत पोहोचायला फार वेळ लागत असे. २०२० मध्ये रेपो ४ टक्क्यांपर्यंत उतरला आणि २०२१ मध्ये मोठ्या बँकांची गृहकर्जे ६.७० टक्क्यांच्या आसपास मिळू लागली. त्यानंतर ४ मे २०२२ रोजी रिझर्व्ह बँकेने ठरलेल्या बैठकीची वाट न पाहता रेपो ४.४० टक्के केला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५० टक्क्यांवर नेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के वाढले.

याचा परिणाम किती खोल होतो, ते पाहण्यासारखे आहे. समजा, एखाद्याने ६.७० टक्क्यांनी ५० लाख रुपये २० वर्षांसाठी घेतले. त्याचा हप्ता ३७,८७० रुपये. दीड वर्षानंतर त्याचे ४८,१२,००० रुपये बाकी आहेत, आणि हिशेब सोपा राहावा म्हणून दर याच वेळी एकदम ९.२० टक्के झाला असे धरू. आता महिन्याचे व्याजच ३६,८९३ रुपये होते. हप्ता तेवढाच ठेवला तर मुद्दलात जमा व्हायला ९७७ रुपये उरतात. ज्याची साडेअठरा वर्षे बाकी होती, त्याच्या कर्जाला त्याच हप्त्याने आता जवळजवळ चाळीस वर्षे लागतील. कर्जदार पस्तिशीतला असेल तर फेड संपताना तो पंचाहत्तरी ओलांडलेला असेल. बँका निवृत्तीच्या वयाची मर्यादा पाहतात, त्यामुळे प्रत्यक्षात इतकी मुदत सहसा दिली जात नाही आणि कुठेतरी हप्ता वाढवावाच लागतो. मूळ मुदत टिकवायची असेल, तर या माणसाचा हप्ता ४५,१८४ रुपये व्हायला हवा.

त्या काळात अनेक कर्जदारांचा हप्ता तसाच राहिला आणि मुदत गुपचूप वाढली. खात्यातून दर महिन्याला तीच रक्कम वळती होत असल्याने काही बदलले आहे, हेच लक्षात आले नाही. यावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला द्यावा, स्थिर दराकडे वळण्याची संधी द्यावी, आणि आजवर किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, किती हप्ते शिल्लक आहेत याचे विवरण दर तिमाहीला द्यावे, असे त्यात सांगितले होते. स्थिर दराचा पर्याय देणे मात्र ऑक्टोबर २०२५ पासून बँकांच्या इच्छेवर सोडले आहे. हे विवरण बँकेच्या ॲपमध्ये किंवा ईमेलमध्ये येऊन पडते, आणि तिथेच पडून राहते. त्यातला शिल्लक हप्त्यांचा आकडा एवढा एकच पाहिला, तरी पुष्कळ काही कळते.

२०२५ मध्ये वारे फिरले. फेब्रुवारी ते जून या पाच महिन्यांत रेपो ६.५० वरून ५.५० टक्क्यांवर आला. अशा वेळी हप्ता तोच ठेवून मुदत कमी करून घेणे कर्जदाराच्या फायद्याचे असते. हप्ता कमी करून घेण्याचा मोह मात्र मोठा असतो. ज्यांची कर्जे जुनी आहेत आणि अजूनही एमसीएलआर किंवा बेस रेट या बँकेने स्वतः ठरवलेल्या दरांना जोडलेली आहेत, त्यांना ही कपात लवकर किंवा पूर्ण मिळेलच असे नाही. त्यांना शाखेत अर्ज देऊन आणि थोडे शुल्क भरून रेपोवर यावे लागते.

‘पण करात वाचतेच की’, हा युक्तिवाद घरोघरी होतो. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षी ४,२१,००० रुपये व्याज भरले जाते. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घरासाठी त्यातले २ लाखच वजावटीला पात्र ठरतात, आणि तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या पगारदाराचे उपकरासह ६२,४०० रुपये वाचतात. नव्या करप्रणालीत राहत्या घरासाठी ही वजावट नाहीच. बासष्ट हजार वाचवण्यासाठी सव्वाचार लाख भरणे, याला बचत म्हणायला जीभ रेटत नाही.

विम्याचेही असेच आहे. कर्जाबरोबर दीड लाखाचा एकरकमी विमा घेतला आणि त्याचा हप्ता वेगळा भरायला नको म्हणून ती रक्कम कर्जातच मिळवली, तर वीस वर्षांत त्या विम्यापोटी ३,१२,००० रुपये जातात. कर्जदाराच्या पश्चात घर वाचावे यासाठी विमा हवाच, पण तो स्वतंत्र मुदत विमा म्हणूनही घेता येतो.

(दृश्य: बोनसच्या महिन्याची पगारपत्रिका. शेजारी बँकेत दिलेला पार्ट पेमेंटचा अर्ज.)

या सगळ्यात कर्जदाराच्या हाती खरोखर असलेली गोष्ट म्हणजे मुदतीआधी भरलेले पैसे. जून २०१२ पासून बँकांना फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड आकारता येत नाही. दर वर्षाच्या अखेरीस एक जादा हप्ता भरत गेले, तर आपल्या उदाहरणातले २० वर्षांचे कर्ज १६ वर्षे आणि ८-९ महिन्यांत संपते आणि सव्वादहा लाखांच्या आसपास व्याज वाचते. भरणा केव्हा केला, यालाही फार महत्त्व आहे. पहिल्या वर्षअखेरीस भरलेले २ लाख पुढचे सुमारे ७,३०,००० रुपये व्याज वाचवतात. तेच २ लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर एक लाखाच्या आसपासच वाचते. आपल्याकडे मात्र भविष्य निर्वाह निधी हाती आला की उरलेले कर्ज एकदम मिटवण्याची पद्धत आहे. तेव्हा व्याजाचा मोठा भाग भरून झालेला असतो. अर्ज देताना मुदत कमी करायची की हप्ता, हेही स्पष्ट लिहून द्यावे लागते.

याची दुसरी बाजू सांगितली नाही, तर हा हिशेब एकांगी ठरेल. विसाव्या वर्षी भरलेला ४३,३९१ रुपयांचा हप्ता आजच्या तेवढ्याच रकमेइतका जड नसतो. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर आजच्या पैशांत तो साधारण १६,४०० रुपयांचा होतो. पगार वाढत जातो, हप्ता जागेवर राहतो, आणि घर घेताना पोटाला चिमटा घेणारे कुटुंब दहाव्या वर्षी मोकळा श्वास घेते, हा अनेकांचा अनुभव आहे. म्हणून अडीअडचणीला ठेवलेली शिल्लक मोडून कर्ज फेडण्याची घाई करू नये. घर स्वतःचे असले तरी सोसायटीचा मेंटेनन्स, मालमत्ता कर आणि दर काही वर्षांनी निघणारे रंगकाम किंवा लिफ्टचे काम हप्त्याच्या जोडीने चालूच राहते.

(दृश्य: बँकेच्या काउंटरवर ठेवलेली जाड, पिवळट फाइल.)

शेवटचा हप्ता भरला, तरी काम संपलेले नसते. १ डिसेंबर २०२३ पासून पूर्ण फेड झाल्यावर तीस दिवसांच्या आत बँकेने मूळ कागदपत्रे परत दिली पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला, तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई कर्जदाराला द्यावी लागते. फाइल हातात आल्यावर यादी काढून एकेक कागद ताडून पाहावा. मूळ करारनामा, नोंदणीची पावती, इंडेक्स टू (नोंदणीचा सरकारी उतारा), बिल्डरच्या पावत्या. मग बँकेचे ना-देय प्रमाणपत्र घेऊन सोसायटीच्या कार्यालयात जायचे आणि सदस्याच्या नावापुढे लिहिलेली बँकेच्या बोजाची नोंद कमी करण्यासाठी सचिवांकडे अर्ज द्यायचा. सचिव नोंदवही उघडतात, ती ओळ शोधतात, तिच्यावर लाल शाईने रेघ मारतात आणि बाजूला तारीख घालतात.