आपल्या गावात ट्राम कधी धावली?

पत्रिकेत विषय छापलाय ‘जुनी चित्रणं आणि त्यांचे हक्क’. हक्कांवर येतोच. पण आधी काम सांगतो, कारण आमच्या मावशीला अजून वाटतं की मी सिनेमात असतो, फक्त पडद्यावर दिसत नाही. माहितीपटांना, मालिकांना लागणारी जुनी दृश्यं शोधायची, ती खरंच त्याच जागेची आणि काळाची आहेत का हे तपासायचं, मग मालकाकडून परवाना घ्यायचा. यातलं मधलं काम कुणालाच नको असतं.

एका निर्मात्याला १९२०च्या सुमाराचं कोल्हापूर हवं होतं. मी शोधतोय तोवर संकलकानं एक शॉट लावूनही टाकला. बाजार, फेटे, बैलगाड्या, झकास! फक्त रस्त्यात रूळ, आणि कोपऱ्यातून ट्राम येतेय. म्हटलं, साहेब, आपल्या गावात ट्राम कधी धावली? म्हणाले, “दोन सेकंदांचा शॉट आहे, कोण बघतंय?” अहो, कोल्हापूरकर बघतोय की! त्यात माणसं नुसती पळत होती. तेव्हा कॅमेरा हातानं फिरवायचे, सेकंदाला सोळा-अठरा चौकटी. त्या चोवीसनं चालवल्या की चालणारा माणूस धावतो. दिग्दर्शक म्हणाले, “तेव्हाचे लोक चपळ होते.” मग खासबागेतली कुस्ती डोळ्याचं पातं लवायच्या आत संपत असणार! (हशा) ट्राम कापून उरलेला शॉट ठेवायचं ठरलं. श्रेयनामावलीतून माझं नाव काढा म्हटलं. ते मात्र लगेच झालं.

“खरं कोल्हापूर मिळत नाही, मग काय करणार?” हा त्यांचा प्रश्न रास्त होता. बाबुराव पेंटरांनी इथं मूकपट काढले, ‘प्रभात’ फिल्म कंपनी १९२९ला इथंच जन्मली आणि १९३३ला पुण्याला गेली. पण तेव्हाची रिळं नायट्रेटची, म्हणजे भडकन पेटणारी, ठिणगी पडायचा अवकाश. आणि जुनी रिळं चांदी काढायला विकली जायची. चांदीकामाची हुपरी जवळ आहे म्हणून मी कुणाकडे बघत नाहीये! (हशा) १९४८ला जयप्रभा स्टुडिओ जळला, ते वेगळंच.

अध्यक्षांची चिठ्ठी आलीय, पाच मिनिटं. हक्क, भरभर. ज्याच्या कपाटात कॅसेट, तो हक्कदार असेलच असं नाही. १९५७च्या कायद्यानं चित्रपटाचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं. तो संपला तरी प्रत देणारा शुल्क घेऊ शकतो. दर बहुधा सेकंदावर. शिवाय कुठल्या देशात, किती वर्षं, टीव्ही की ओटीटी, हे करारात लिहून घ्या. महोत्सवापुरता परवाना काढायचा आणि नंतर ओटीटीवाला आला की धावाधाव, हे नेहमीचं. दृश्यातल्या गाण्याचा हक्क वेगळा.

शेवटचं, पुराचं. २०१९ आणि २०२१चे व्हिडिओ आताच एकमेकांत मिसळायला लागलेत, कारण फॉरवर्ड होताना मूळ तारीख गळते. ज्यांनी स्वतः शूट केलंय आणि फोनमध्ये मूळ फाइल आहे, त्यांनी जाताना मला भेटा. फॉरवर्डवाल्यांनी चहा घ्या.