मंद काळाची गुहा

मित्रहो, आजची गुहा खोटी आहे, हे आधीच सांगून टाकतो. व्याख्यान संपल्यावर पत्ता विचारायला कुणी येऊ नका. भिंतींतून पुरुषभर उंचीचे स्फटिक फुटलेत आणि आत पाऊल टाकलं की काळाची गती निम्मी होते. एवढं एकच खोटं आपण मान्य करू. बाकीचं सगळं खऱ्या भौतिकशास्त्राच्या हवाली करू.

स्फटिकच का, हे फारसं सांगायला नको. मेक्सिकोतल्या नाइका खाणीत 2000 साली एक गुहा सापडली. तिथे जिप्समचे स्फटिक 11 मीटरपर्यंत लांब आहेत, लाखो वर्षं गरम पाण्यात सावकाश वाढलेले. तसलं दृश्य पाहिलं की काळ इथेच मुक्कामाला आहे असं वाटणारच.

आत गेलेल्या माणसाला काय जाणवेल? काळाविषयी म्हणाल, तर काहीच नाही. मनगटी घड्याळातला क्वार्ट्‌झ सेकंदाला 32,768 वेळा कंप पावतो. त्याच्या लेखी आतही तितकेच. नाडी, विचार, घड्याळ, सगळं एकाच प्रमाणात मंदावलं, तर मंदपणा मोजणार कशाने? तासाभराने तो बाहेर येईल तेव्हा इथे दोन तास उलटलेले असतील. गोष्टी लिहिणारे बहुधा इथेच रेंगाळतात. मला विचाराल तर खरी गंमत गुहेच्या तोंडाशी आहे.

त्या माणसाने आत टॉर्च लावला असं धरा. प्रकाश म्हणजेही कंपनंच. आत सेकंदाला जितकी निघतात त्याच्या निम्मीच बाहेरच्या सेकंदात पोचतात, म्हणजे लहरीची लांबी दुप्पट. 400 नॅनोमीटरचा जांभळा 800 वर जातो आणि आपल्या डोळ्यांच्या पलीकडे निसटतो. टॉर्च लख्ख पेटलेला आहे, आणि आपल्याला मात्र काळोख. उष्णतेचे किरणही याच हिशेबाने चालतात. निरपेक्ष तापमानात, म्हणजे उणे 273 सेल्सिअसला शून्य धरून मोजलं तर, 37 अंशांचं शरीर 310 केल्विनचं. बाहेरून मोजलं तर 155, म्हणजे उणे 118 सेल्सिअस! बिचारा आत ठणठणीत आहे, आणि आपण त्याला गोठलेला समजून बसलोय.

आता उलट बघा. बाहेर 27 अंशांची सुखद संध्याकाळ आहे. तिचे 300 केल्विन आत 600 होऊन येतात, म्हणजे 327 सेल्सिअस. त्या तापमानाला शिसं वितळायला लागतं. दार उघडं ठेवून निवांत बसायची सोय नाही. गुहेतल्या माणसाला भाजून काढेल ती बाहेरची संध्याकाळ.

पण भाजायची वेळ येण्याआधीच दुसरं संकट उभं राहतं. काळाची गती जागेगणिक बदलली की वस्तू मंद काळाच्या दिशेने पडतात. आइन्स्टाइनच्या सिद्धांतात आपलं साधं पडणंही याच हिशेबात बसतं. पृथ्वीवर मीटरभर खालचं घड्याळ वरच्यापेक्षा मागे पडतं, पण एक सेकंद मागे पडायला सुमारे 29 कोटी वर्षं लागतात. एवढ्याशा उतारावर आंबा झाडावरून खाली येतो. आपल्या गुहेत निम्मी गती राहू द्या. मीटरभरात वर्षाला फक्त एक सेकंदाचा फरक ठेवला, तरी ओढ 29 कोटी पट होईल. स्फटिक, भिंती, पाहुणा, काहीही शिल्लक राहणार नाही. म्हणून गुहा वाचवायची असेल तर लेखकाला दुसरं खोटं बोलावं लागतं, आणि दुसऱ्या खोट्यावर माझा आक्षेप आहे.

तरीही स्फटिक आणि काळ यांची सोयरीक अगदीच काल्पनिक नाही. हा बारीक उतार जमिनीवर पहिल्यांदा मोजला तो स्फटिकाच्याच आधाराने. अणूने गॅमा किरण सोडला की बंदुकीसारखा मागे धक्का बसतो आणि कंपनसंख्या थोडी सरकते. अणू स्फटिकात पक्का बसलेला असेल, तर धक्का अख्खा स्फटिक झेलतो. हे 1958 साली जर्मन भौतिकशास्त्रज्ञ मोसबाउअर यांनी दाखवलं. त्यानंतर लगेचच पाउंड आणि रेब्का या भौतिकशास्त्रज्ञांनी अमेरिकेतल्या हार्वर्ड विद्यापीठाच्या एका इमारतीत 22.5 मीटर उंचीवर लोह-57, म्हणजे लोखंडाच्या अणूचा एक प्रकार, वापरून प्रयोग केला. किरण हवेत शोषले जाऊ नयेत म्हणून मधल्या वाटेत हेलियम भरलेली लांब पिशवी होती. उगम हलवला की किरणांची कंपनसंख्या बदलते. काळाचा तिथला फरक भरून काढायला किरणांचा उगम ज्या वेगाने हलवावा लागतो, तो भरतो तासाला जेमतेम अडीच-पावणेतीन मिलिमीटर.